रेक्यानेसचा ज्वालामुखी प्रदेश आणि पेर्लान संग्रहालय : एका दिवसाच्या सहलीबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आइसलँडला येणारी मराठी मंडळी बहुतेक चार-पाच दिवसांसाठी येतात आणि त्यातला एक दिवस ‘ज्वालामुखी बघायला’ म्हणून राखून ठेवतात. रेक्याविकमधून सकाळी निघायचं, रेक्यानेस द्वीपकल्पाचा फेरा करायचा आणि शहरातलं पेर्लान हे निसर्ग संग्रहालय पाहायचं, अशी गाईडबरोबरची सहल त्या दिवसासाठी उत्तम. मी अशा सहलींवर गाईडचं काम करते. निघण्याआधी फोनवर आणि गाडीत बसल्यावर जे प्रश्न हमखास येतात, त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. ज्यांचं आयुष्य सह्याद्रीच्या आसपास गेलं त्यांना इथली जमीन फार काही सांगते, आणि ते ऐकायचं राहून जाऊ नये अशी माझी मनापासून इच्छा आहे.

सहलीत नक्की काय काय दिसतं?

प्रत्येक कंपनीचा क्रम थोडा वेगळा असतो, पण साधारण वाट अशी. रेक्याविकहून दक्षिणेला क्लेइफारवात्न हे तळं, काळ्या डोंगरांच्या मधोमध. तळ्यातून बाहेर पडणारी मोठी नदी नाही. २००० सालच्या जूनमधल्या भूकंपांनंतर याच्या तळाशी भेगा उघडल्या आणि पाणी खूप खाली गेलं होतं. पुढे क्रिसुविकजवळ सेल्तुन : उकळता चिखल, पिवळी-तांबडी माती, वाफ, आणि त्यातून जाणारा लाकडी फळ्यांचा रस्ता. मग किनाऱ्याने पश्चिमेकडे, वाटेत गेल्या काही वर्षांत वाहून गोठलेला लाव्हा. टोकाला गुनुह्वेरचे वाफारे, दीपगृह, वालाह्नुकुरचा समुद्रकडा. परतताना दोन भूपट्टांमधला, म्हणजे पृथ्वीच्या कवचाच्या सरकणाऱ्या दोन मोठ्या तुकड्यांमधला, तो प्रसिद्ध छोटा पूल.

टोकाच्या कड्यावरून समुद्रात एल्दे नावाचं उभ्या कातळाचं बेट दिसतं. ग्रेट ऑक या न उडणाऱ्या मोठ्या समुद्रपक्ष्याची शेवटची ज्ञात जोडी १८४४ साली तिथे मारली गेली. किनाऱ्यावर त्या पक्ष्याचा पुतळा आहे, समुद्राकडे तोंड करून. गाईड घाईत असेल तर तुम्ही आठवण करून द्या, दोन मिनिटं तिथे थांबाच.

लाल, वाहता लाव्हा बघायला मिळेल ना?

याची हमी कुणीही देऊ शकत नाही, आणि जो देतो त्याच्याकडे नोंदणी करू नका.

रेक्यानेस सुमारे आठशे वर्षं शांत होतं. १९ मार्च २०२१ रोजी फाग्रादाल्सफ्याट्ल डोंगराजवळ जमीन फाटली आणि तो उद्रेक सहा महिने चालला. २०२२ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२३ च्या जुलैमध्ये त्याच परिसरात पुन्हा उद्रेक झाले. मग जागा बदलली. १८ डिसेंबर २०२३ पासून ग्रिंडाविक गावाच्या उत्तरेला, सुंद्नुकुरच्या जुन्या विवरांच्या रांगेवर, एकामागून एक उद्रेक सुरू झाले. २०२५ च्या जुलैपर्यंत त्या मालिकेतले नऊ झाले होते. काही जेमतेम दोन दिवस टिकले, मार्च २०२४ मधला मात्र सात आठवड्यांहून जास्त चालला. म्हणजे तुमच्या तिकिटाची तारीख आणि उद्रेकाची तारीख जुळणं हा निव्वळ योग.

आणि उद्रेक चालू असला तरी गाडी थेट लाव्ह्याजवळ जाते असं नाही. बऱ्याचदा दूरच्या रस्त्यावरूनच, परवानगी असेल तेवढंच पाहता येतं. माझं मत विचाराल तर नुकताच थंड झालेला लाव्हा पाहणंही तितकंच मोलाचं आहे, कारण त्याच्या शेजारी उभं राहता येतं.

सुरक्षित आहे का? घरचे घाबरले आहेत.

आइसलँडचं हवामान खातं या पट्ट्यावर भूकंपमापक आणि जीपीएस लावून अहोरात्र नजर ठेवून असतं. शिलारस, म्हणजे जमिनीखालचा वितळलेला खडक, खाली साठायला लागला की जमीन काही सेंटीमीटर वर उचलली जाते. तो वर सरकायला लागला की बारीक भूकंपांचा सडा पडतो. त्यावरून धोक्याचे नकाशे निघतात आणि पोलिस रस्ते बंद करतात. अगदी शेवटच्या टप्प्यातली सूचना कधी कधी अर्ध्या तासाचीच असते, म्हणून बंद भागात ‘जरा डोकावून येऊ’ हा प्रकार इथे चालत नाही.

खरा रोजचा धोका लाव्ह्याचा नसून तीन साध्या गोष्टींचा आहे. पहिला वारा. दुसरा गरम पाण्याच्या झऱ्यांभोवतीची पातळ, फसवी जमीन. वरून घट्ट दिसते, पण खाली उकळता चिखल असतो, म्हणून फळ्यांच्या रस्त्यावरून पाय खाली ठेवायचा नाही. तिसरा समुद्र. वालाह्नुकुरजवळ लाटा अचानक मोठ्या येतात, पाण्याच्या कडेला फोटोसाठी जाऊ नका. उद्रेक चालू असताना गंधकाचा वायू हवेत असतो. दमा असलेल्यांनी पंप जवळ ठेवावा आणि निघतानाच गाईडला सांगून ठेवावं. आपत्कालीन क्रमांक ११२.

ग्रिंडाविक गाव पाहता येतं का?

कधी येतं, कधी नाही, हे त्या त्या दिवसाच्या आदेशावर असतं. पण जायला मिळालं तर काय पाहताय ते समजून जा. हे मासेमारीचं, सुमारे ३,८०० वस्तीचं नांदतं गाव होतं. १० नोव्हेंबर २०२३ च्या रात्री, दिवसभर जमीन हादरत असताना, सगळ्यांना घर सोडायला सांगितलं. गावाखालून शिलारस सरकला होता आणि रस्त्यांना भेगा पडल्या होत्या. १४ जानेवारी २०२४ रोजी गावाच्या अगदी कडेला जमीन फुटली आणि लाव्ह्याने तीन घरं जाळली. पुढच्याच महिन्यात, ८ फेब्रुवारीला, लाव्ह्याने स्वार्त्सेंगी वीजकेंद्राकडून येणारी गरम पाण्याची मुख्य वाहिनी तोडली आणि ऐन हिवाळ्यात वीस हजारांहून अधिक लोकांच्या घरातली ऊब गेली.

गावाच्या बाजूला माती-मुरमाचे उंच बांध दिसतील. लाव्हा वळवण्यासाठी ते रात्रंदिवस राबून घातले, आणि त्यांनी गावाचा बराच भाग वाचवला. मुख्य रस्ता लाव्ह्याखाली गेल्यावर लाव्हा पुरता निवायची वाटही न पाहता त्याच्यावरून नवा रस्ता केला, एकदा नव्हे, अनेकदा. घरांच्या खिडक्यांतून आत डोकावू नका, तडा गेलेल्या अंगणात उभं राहून हसरे फोटो काढू नका. ती घरं कुणाची तरी आहेत.

आपला सह्याद्रीही लाव्ह्याचाच आहे. मग इथे येऊन वेगळं काय बघायचं?

हा माझा सगळ्यात आवडता प्रश्न, आणि तो बहुतेक वेळा ट्रेकिंग केलेली माणसंच विचारतात.

होय, दोन्हीकडचा मुख्य खडक बेसॉल्टच, म्हणजे आपला काळा पाषाण. दख्खनचं पठार सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी भारताचा भूभाग आज हिंदी महासागरातल्या रेयुनियन बेटाखाली असलेल्या तप्त स्रोतावरून (खोलातून सतत उष्णता वर येणाऱ्या जागेवरून) सरकत असताना तयार झालं, असं बहुतेक भूशास्त्रज्ञ मानतात. आइसलँडमध्ये असाच एक तप्त स्रोत आहे आणि शिवाय उत्तर अमेरिकी आणि युरेशियाई भूपट्ट इथेच वर्षाला साधारण दोन सेंटीमीटरने एकमेकांपासून दूर जातात. दोन्हीकडे लाव्हा प्रामुख्याने शंकूसारख्या डोंगराच्या तोंडातून नाही, तर जमिनीच्या लांबच लांब भेगांमधून आला. शाळेच्या पुस्तकातलं त्रिकोणी डोंगर आणि वर धूर हे चित्र डोक्यातून काढून टाका. सुंद्नुकुरला भेग उघडते तेव्हा काही किलोमीटर लांबीची आगीची भिंत उभी राहते. सह्याद्री घडताना असंच काहीतरी, पण कितीतरी मोठ्या प्रमाणावर आणि पुन्हा पुन्हा होत राहिलं असणार. आज उरलेला दख्खनचा लाव्हा सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरवर पसरला आहे. अख्खा आइसलँड देश १ लाख ३ हजार चौरस किलोमीटरचा. १,६४६ मीटर उंचीचं कळसूबाई थरावर थर साचलेल्या लाव्ह्याचंच आहे.

फरक आहे वयाचा. आइसलँडमधला अगदी जुना खडकही दीड-पावणेदोन कोटी वर्षांपलीकडे जात नाही, आणि रेक्यानेसवर तुम्ही ज्याच्याजवळ उभे राहता तो काही वेळा शाळेत जाणाऱ्या मुलांहून लहान असतो. जिथे जवळ जायला परवानगी आहे तिथे खाली बसून बघा. पृष्ठभागावर वळलेल्या दोरखंडासारख्या घड्या असतात, वर काचेसारखी पातळ चमकदार साय, हाताला टोचणारी. दगडात बारीक भोकं असतात, वायूचे बुडबुडे अडकून राहिलेली. ती भोकं रिकामी आहेत, हे नीट पाहून घ्या. आपल्याकडे पुण्या-नाशिकच्या खाणींत त्याच भोकांमधून कोट्यवधी वर्षं पाणी झिरपलं आणि त्यात स्टिल्बाइट, अ‍ॅपोफिलाइट, स्कोलेसाइट असे झिओलाइट गटाचे आणि त्यांच्या सोबतचे स्फटिक भरले, कुठे गारगोट्या तयार झाल्या. वाघोलीच्या खाणीतलं निळंभोर कॅव्हनसाइट जगभरच्या संग्राहकांना ठाऊक आहे. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात हे सगळं मांडलेलं आहे. इथून परतल्यावर तिथे अवश्य जा, ते भरलेले दगड तेव्हा निराळेच दिसतात.

आणखी एक. घाटात रस्त्यासाठी कापलेल्या डोंगरात काळ्या थरांच्या मध्ये विटकरी लाल पट्टा दिसतो ना? एक लाव्हा थंड झाला, त्यावर हवा-पाण्याने माती तयार झाली, मग वरून दुसरा लाव्हा आला आणि ती माती भाजून निघाली, असं त्याचं साधं स्पष्टीकरण. रेक्यानेसवर नव्या लाव्ह्याची कड जिथे जुन्या शेवाळलेल्या जमिनीवर येऊन थांबली आहे, तिथे याच गोष्टीचं पहिलं पान दिसतं. अजिंठा-वेरूळची लेणी, राजगडाचे कडे, अंधेरीच्या गिल्बर्ट हिलचे उभे खांब हे सगळं कधीतरी असंच धगधगत होतं, हे वाचून माहीत असतं, पण पटतं ते इथे.

दोन खंडांमधला पूल खरंच दोन खंड जोडतो का?

पूल खरा आहे, जमिनीतली फटही भूपट्ट ताणले गेल्यानेच पडली आहे. पण भूपट्टांची सीमा म्हणजे एक रेघ नव्हे. तो कित्येक किलोमीटर रुंद पट्टा आहे आणि तशा फटी त्यात असंख्य आहेत. पूल प्रतीक म्हणून बांधलेला आहे. खाली काळ्या वाळूत उतरून दोन्ही बाजूंच्या भिंती पाहा, वरच्या फोटोपेक्षा ते जास्त लक्षात राहतं.

पेर्लान आधी पाहावं की नंतर?

निवड तुमच्या हातात असेल तर आधी. बऱ्याच सहलींत ते शेवटी ठेवतात, कारण ते शहरात आहे आणि पावसात भिजून आल्यावर बरं वाटतं. पण आधी तिथे भूपट्ट, भेगा आणि उद्रेक यांची मांडणी पाहून घेतली की दिवसभर गाडीच्या खिडकीतून दिसणारं नुसतं ‘काळं काळं’ राहत नाही.

पेर्लान ही इमारतच मुळात बघण्यासारखी आहे. ओस्क्युह्लिद टेकडीवर शहराला पुरवायच्या गरम पाण्याच्या प्रचंड टाक्या होत्या. १९९१ साली त्यांच्यावर काचेचा घुमट चढवला. जमिनीतून येणाऱ्या गरम पाण्यावर देशातली दहापैकी नऊ घरं ऊबदार राहतात, त्यामुळे ज्वालामुखी इथल्या माणसाला शत्रूही आहे आणि अन्नदाताही. २०१७ पासून आत निसर्गाचं मोठं प्रदर्शन आहे. सुमारे शंभर मीटर लांबीची बर्फाची गुहा डोंगरातून आणलेल्या खऱ्या हिमाची केलेली आहे, त्यात ज्वालामुखीच्या राखेचे काळे पट्टेही दिसतात. आतलं तापमान शून्याच्या बरंच खाली असतं, बाहेर उन्हाळा असला तरी जॅकेट आत न्याच. पश्चिमेच्या लाट्राब्यार्ग या पक्षीकड्याची प्रतिकृती आहे. तारांगणात उत्तर ध्रुवीय प्रकाशाचा कार्यक्रम असतो, उन्हाळ्यात येणाऱ्यांना तो प्रकाश तेवढाच पाहायला मिळतो.

वरच्या गच्चीवरून, हवा स्वच्छ असेल तर, तुम्ही जाणार आहात ती रेक्यानेसची डोंगररांग दिसते. दोन तास तरी हाताशी ठेवा. प्रवेशाचं तिकीट सहलीत धरलेलं आहे की वेगळं, हे नोंदणी करतानाच विचारा.

लहान मुलं कंटाळतील का?

पेर्लानमध्ये अजिबात नाही. बर्फाची गुहा आणि पक्षीकडा त्यांना पुरून उरतो. गाडीतला वेळ मात्र लांबतो, खाऊ जवळ ठेवा. सेल्तुनला मुलांचा हात सोडायचा नाही, हे मी प्रत्येक पालकाला बजावून सांगते.

आई-बाबा सत्तरीचे आहेत, गुडघ्यांचा त्रास आहे. झेपेल का?

झेपतं, सहल नीट निवडली तर. नोंदणी करताना ‘चालण्याचं अंतर किती आणि चढ किती’ हे दोनच प्रश्न विचारा. सेल्तुन, गुनुह्वेर, पूल या ठिकाणी गाडीतळापासून चालणं थोडं आहे. फाग्रादाल्सफ्याट्लच्या लाव्ह्यापर्यंतची पायवाट हा मात्र वेगळा प्रकार आहे, त्यात काही तासांची चढउतार असते. वयस्कर मंडळींना त्या सहलीत घालू नका.

हातात काठी असू द्या. गाडीचं दार उघडताना ते घट्ट धरा, किंवा गाईडला उघडू द्या. वारा दार हिसकावून बिजागरीतून वाकवतो, त्यात बोटं सापडतात. स्वच्छतागृहं प्रत्येक थांब्यावर नाहीत, त्यामुळे जिथे आहेत तिथे जाऊन यायचं. मधुमेहाच्या गोळ्या घेणाऱ्यांनी जेवणाची वेळ पुढे-मागे होईल हे गृहीत धरावं.

कपडे काय घ्यायचे? जुलैत येतोय.

जुलैतही रेक्याविकचं दिवसाचं तापमान बहुधा दहा ते पंधरा अंशांत असतं, आणि टोकावरच्या वाऱ्यात ते खूपच कमी वाटतं. आत थर्मल किंवा लोकरीचा थर, मध्ये स्वेटर, वर वारा आणि पाऊस दोन्ही अडवणारं जॅकेट आणि पँट. कानटोपी, हातमोजे. छत्री आणू नका, पहिल्याच थांब्यावर मोडते. साडी किंवा सलवार नेसून-घालून यायचं असेल तर खाली थर्मल आणि वर लांब रेनकोट, पदर-ओढणी आत खोचून. बूट खरबरीत तळव्याचे हवेत. नवा लाव्हा काचेसारखा कापतो, पातळ तळ टिकत नाहीत.

सडलेल्या अंड्यासारखा वास येतो म्हणतात?

येतो. तो हायड्रोजन सल्फाइडचा. दहा मिनिटांत नाकाला सवय होते. हॉटेलच्या गरम पाण्यालाही तसा वास असतो, थंड नळाचं पाणी मात्र नितळ आणि थेट पिण्याजोगं, बाटल्या विकत घेऊ नका. गरम पाण्याच्या कुंडात उतरणार असाल तर चांदीची जोडवी, पैंजण, कडं काढून ठेवा, काळी पडतात.

शाकाहारी जेवणाचं काय?

रेक्याविकमध्ये भारतीय जेवण मिळतं, शाकाहारी पदार्थ बहुतेक ठिकाणी असतात. रेक्यानेसच्या फेऱ्यात मात्र पर्याय थोडे. सकाळी डबा घेऊन निघणं उत्तम : घरून आणलेल्या दशम्या, थालीपीठ, शेंगदाण्याची चटणी, थर्मासमध्ये चहा. इथलं स्कीर आपल्या चक्क्यासारखं घट्ट असतं आणि भातासोबत छान लागतं, पण काही प्रकारांत दूध घट्ट करायला प्राणिज रेनेट वापरतात. काटेकोर शाकाहारी असाल तर डब्यावरचं लेबल वाचा. मासे खाणाऱ्यांची चैन आहे.

आठवण म्हणून लाव्ह्याचा एक दगड नेला तर?

नेऊ नका. तुमच्यासारखेच लाखो लोक दरवर्षी इथे येतात. शेवाळावरही पाय देऊ नका. जुन्या लाव्ह्यावरची ती करडी-हिरवी गादी वाढायला कैक दशकं लागतात आणि एका बुटाचा ठसा वर्षानुवर्षं तसाच राहतो. रस्ता सोडून गाडी घालणं हा तर सरळ गुन्हा आहे, जबर दंड होतो.

कोणत्या महिन्यात यावं?

या सहलीसाठी मे अखेर ते सप्टेंबर. जूनमध्ये जवळजवळ रात्र होतच नाही, डिसेंबरात उजेड जेमतेम चार तासांचा. हिवाळ्यात बर्फाखाली लाव्ह्याची वळणं झाकली जातात आणि रस्ते वारंवार बंद होतात. ध्रुवीय प्रकाशासाठीच येणार असाल तर सप्टेंबर अखेर हा दोन्ही साधणारा काळ आहे.

स्वतः गाडी भाड्याने घेऊन नाही का करता येणार?

उन्हाळ्यात करता येतं, रस्ते पक्के आहेत. पण गाडी उजव्या बाजूने चालवायची, वारा, अचानक बदललेले बंद रस्ते, हे पहिल्याच दिवशी अंगावर घेऊ नका. शिवाय गाईड नसेल तर कोणता लाव्हा २०२१ चा आणि कोणता आठशे वर्षांपूर्वीचा हे कळत नाही, आणि या प्रदेशात तेच तर कळायला हवं.

एकच दिवस आहे. गोल्डन सर्कल की हे?

गोल्डन सर्कल ही रेक्याविकहून निघणारी दुसरी लोकप्रिय सहल. धबधबा आणि उसळता झरा पाहायचा असेल तर ती. जमीन कशी तयार होते हे पाहायचं असेल तर रेक्यानेस. केफ्लाविकचा विमानतळ याच द्वीपकल्पावर आहे, त्यामुळे विमान संध्याकाळी उशिरा असेल तर सामान गाडीत ठेवून फेरा करून थेट विमानतळावर सोडणाऱ्या सहलीही मिळतात.

हवामानामुळे किंवा उद्रेकामुळे सहल रद्द झाली तर?

कंपनीने रद्द केली तर साधारणपणे पैसे परत मिळतात किंवा दुसरा दिवस मिळतो, पण नियम नोंदणीआधी वाचा. तुम्ही स्वतः ऐनवेळी रद्द केली तर बहुधा मिळत नाहीत. उद्रेक सुरू झाल्यावर सहल सरसकट रद्द होत नाही, बऱ्याचदा फक्त वाट बदलते आणि एखादा थांबा गळतो. ही सहल मुक्कामाच्या पहिल्या किंवा दुसऱ्या दिवशी ठेवा, म्हणजे पुढे ढकलायला जागा राहते. पेर्लान त्या दिवशीही उघडं असतंच, तेव्हा तो दिवस तिथे घालवा आणि दुसऱ्या दिवशी रेक्यानेसला जा.